गावच्या वाचनालयात लष्करी धर्मसंघांचा इतिहास कसा अभ्यासावा

मध्ययुगीन युरोपात काही लोकांनी संन्याशाची व्रते घेतली, पण तलवार खाली ठेवली नाही. त्यांच्या संघटनांना लष्करी धर्मसंघ म्हणतात. टेम्प्लर, हॉस्पिटॅलर, ट्यूटॉनिक आणि स्पेनमधील कालात्राव्हा व सांतियागो हे त्यांतील प्रमुख संघ होत. आपल्याकडच्या वाचकाला ते बहुधा मोबाइलवरच्या व्हिडिओंतून, गुप्त खजिना आणि शाप यांच्या गोष्टींतून भेटतात, आणि मग खरा इतिहास वाचायला घेतला की तो कोरडा वाटू लागतो. विदर्भातील एखाद्या गावच्या किंवा तालुक्याच्या वाचनालयात पाच-सात जणांनी एकत्र बसून हा विषय नीट अभ्यासावा, एवढ्यासाठी हे लिहिले आहे. माझे मत सुरुवातीलाच सांगतो. लढायांच्या क्रमाने वाचला तर हा इतिहास हाती लागत नाही. संघाचा नियम, संघाची जमीन आणि संघाचे दप्तर या तीन गोष्टी धरून वाचला तर लढायाही समजतात आणि दंतकथांची किंमतही कळते.

कापसाची शेवटची वेचणी आटोपून तूर घरात आली की पेरणीच्या तयारीपर्यंत संध्याकाळी थोडी सवड मिळते. आठवड्यातून एक बैठक ठरवली तर तेवढ्या काळात हा विषय पुरा होतो. साहित्य फार लागत नाही. भूमध्य समुद्राभोवतीच्या प्रदेशांचा मोठा नकाशा, एक जाड रजिस्टर आणि भिंतीवर लावण्यासाठी कागदाची लांब पट्टी एवढे पुरे. वाचनालयात मराठी विश्वकोशाचे खंड असतील तर पोप, जेरूसलेम, धर्मयुद्ध अशा नोंदी त्यांत आधी शोधाव्यात. मूळ कागदपत्रे लॅटिन आणि जुन्या फ्रेंच भाषेत आहेत, पण त्यांतील अनेकांची इंग्रजी भाषांतरे इंटरनेटवर मिळतात. गटात ज्याचे इंग्रजी बरे आहे त्याने मजकूर आधी वाचावा आणि बैठकीत तो मराठीत सांगावा. सारांश सांगू नये, कलमे जशीच्या तशी सांगावीत, कारण या विषयातले खरे वैभव तपशिलातच आहे.

कागदाच्या पट्टीवर मधोमध रेघ ओढून वरच्या बाजूला तिकडच्या आणि खालच्या बाजूला आपल्याकडच्या घटना लिहाव्यात. वर १०९९ मध्ये पहिल्या धर्मयुद्धात जेरूसलेम ख्रिस्ती सैन्याच्या हाती गेले, ११८७ मध्ये मुस्लिम सुलतान सलाउद्दीनने ते परत घेतले आणि १२९१ मध्ये अक्का हे ख्रिस्ती सैन्याच्या ताब्यातले तेथले शेवटचे मोठे बंदर पडले, एवढ्या तीन खुणा आधी कराव्यात. खाली देवगिरीच्या यादवांचा काळ, रिद्धपुरातील गोविंदप्रभू आणि वऱ्हाडात फिरणारे चक्रधर स्वामी यांचे तेरावे शतक, आणि १२९६ मधील अल्लाउद्दीन खिलजीची देवगिरीवरची स्वारी लिहावी. अक्का पडल्यानंतर पाचच वर्षांनी देवगिरीवर हल्ला झाला, हे पट्टीवर दिसले की सनावळ्या लक्षात ठेवण्याचे कष्ट निम्म्याने कमी होतात.

पहिला अभ्यास टेम्प्लरांचा नको, हॉस्पिटॅलरांचा घ्यावा. बहुतेक जण उलट करतात आणि तेथेच चुकतात. जेरूसलेममध्ये अमाल्फी या इटालियन शहराच्या व्यापाऱ्यांनी अकराव्या शतकात यात्रेकरूंसाठी एक धर्मशाळा व रुग्णालय उभे केले होते. जेरार नावाचा धर्मबंधू त्याचा कारभार पाहत असे. १११३ मध्ये पोप दुसरा पास्काल याने या संस्थेला स्वतंत्र धर्मसंघ म्हणून मान्यता दिली, तेव्हा तिच्याकडे शस्त्र नव्हते. ११३६ मध्ये बेथ गिबेलिन हा किल्ला तिच्याकडे सोपवला गेला, त्यानंतर हळूहळू सैनिकी काम वाढत गेले. रुग्णसेवेची संस्था शस्त्र हाती का घेते, हा प्रश्न रजिस्टरच्या पहिल्या पानावर लिहून ठेवावा. यात्रेकरूंचे रस्ते असुरक्षित होते, राजांकडे किल्ले सांभाळण्याइतके मनुष्यबळ नव्हते आणि संघाकडे युरोपातून येणारे उत्पन्न होते, अशी कारणे वाचताना सापडत जातील. हा बदल संघातल्या सर्वांना रुचला नव्हता. गिल्बेर दासायी या प्रमुखाने ११६८ च्या इजिप्त मोहिमेत संघाला कर्जात लोटले आणि नंतर त्याला पद सोडावे लागले.

येथे ११८२ चे नियम अवश्य वाचावेत. त्या वर्षी संघप्रमुख रोजे द मुलँ याच्या काळात जेरूसलेमच्या रुग्णालयासाठी जी कलमे ठरली ती वाचताना आपल्या तालुक्याच्या ग्रामीण रुग्णालयात ताटकळलेल्या कोणाचेही मन भरून येईल. रुग्णांना तेथे ‘आमचे धनी’ म्हटले आहे. चार वैद्य नेमावेत आणि त्यांना लघवीची परीक्षा व औषधे करण्याचे ज्ञान असावे, असे एक कलम आहे. खाटा पुरेशा लांब-रुंद असाव्यात आणि प्रत्येक खाटेला स्वतंत्र पांघरूण व चादरी असाव्यात, असे दुसरे. शौचाला जाताना थंडी लागू नये म्हणून रुग्णाला मेंढीच्या कातड्याचा अंगरखा आणि पायांत घालायला जोडे द्यावेत. यात्रेला आलेल्या बायकांची बाळे येथे जन्मली तर त्यांच्यासाठी वेगळे पाळणे करावेत. फ्रान्सच्या शाखेने दरवर्षी १०० रंगीत सुती चादरी पाठवाव्यात, आणि औषधी पाकांसाठी साखर कोणत्या शाखांनी द्यावी, हेही ठरलेले आहे. कापूस पिकवणाऱ्या मुलखातील वाचकाने या चादरींपाशी जरूर थांबावे. त्या काळी पूर्व भूमध्य प्रदेशात कापूस आणि ऊस दोन्ही पिकत होते. शेकडो रुग्णांना रोज पांघरूण, अन्न आणि औषध द्यायचे तर शेती, वाहतूक आणि हिशेब यांची केवढी व्यवस्था उभी करावी लागते, याचा अंदाज गटाने स्वतः करून पाहावा.

यानंतर टेम्प्लर. सुमारे ११२० मध्ये शाँपान प्रांतातील ह्यूग द पायँ याने काही साथीदारांसह यात्रेकरूंच्या संरक्षणाचे व्रत घेतले. जेरूसलेमचा राजा दुसरा बाल्डविन याने त्यांना अल-अक्सा मशिदीच्या परिसरात जागा दिली. ख्रिस्ती लोक ती वास्तू राजा सॉलोमनच्या मंदिराची समजत आणि संघाचे नाव तेथूनच आले. ११२९ मध्ये त्र्वा येथील धर्मपरिषदेत त्यांचा नियम ठरला. त्यामागे सिस्टर्शियन पंथाचा मठाधिपती बर्नार याचे मोठे बळ होते. ११३९ मध्ये पोप दुसरा इनोसंट याने त्यांना थेट पोपच्या संरक्षणाखाली घेतले, म्हणजे स्थानिक बिशपची सत्ता त्यांच्यावरून उठली. या एका सवलतीत संघाचे पुढचे वैभवही आहे आणि त्याचे शत्रूही आहेत.

टेम्प्लरांच्या नियमाचे वाचन दोन बैठकांत करावे, घाई करू नये. प्रत्येक सरदाराला तीन घोडे आणि एक सेवक. आठवड्यातून तीनदा मांस. जेवताना मौन आणि धर्मग्रंथाचे वाचन. भांडी कमी असल्याने दोघांनी एका भांड्यात जेवावे. टोकदार जोडे आणि नाड्यांचे नखरे नकोत. शिकार वर्ज्य, पण सिंहाला सूट. झोपताना अंगावर सदरा व चोळणा असावा आणि दिवा रात्रभर जळता असावा. आईसह कोणत्याही स्त्रीचे चुंबन घेऊ नये. सरदारांचा झगा पांढरा, हाताखालच्या शिपायांचा काळा किंवा तपकिरी. पुढे हा नियम फ्रेंच भाषेत वाढत जाऊन सहाशेहून अधिक कलमांचा झाला आणि त्यात छावणी कशी टाकावी, आज्ञेशिवाय घोडा पुढे का घालू नये, असल्या गुन्ह्यांना काय शिक्षा, हे सारे आले. प्रत्येक कलमासमोर ‘हे लिहिण्याची गरज का पडली असेल’ हा रकाना ठेवून गटाने उत्तर लिहावे. जो नियम पुन्हा पुन्हा बजावला जातो तो पुन्हा पुन्हा मोडला जात असावा, ही खूणगाठ एकदा बसली की कोणतेही जुने दप्तर वाचता येते.

आता जमीन. या भागावर मी सर्वांत जास्त वेळ द्यायला सांगेन, कारण आपल्या वाचकाला हा भाग शहरातल्या वाचकापेक्षा लवकर कळतो. पॅलेस्टाइनमधला एक सरदार, त्याचे घोडे, चिलखत आणि वैरण यांचा खर्च तेथल्या तुटपुंज्या मुलखातून निघणे शक्य नव्हते. तो फ्रान्स, इंग्लंड, स्पेन, इटली येथल्या गावांतून निघत असे. श्रद्धाळू लोक संघाला शेत, गिरणी, द्राक्षमळा, कधी अख्खे गाव दान देत. अशा मालमत्तांचे गट करून प्रत्येक गटावर एक ठाणे असे, आणि त्या ठाण्याने उत्पन्नाचा ठरावीक हिस्सा, बहुधा तिसरा, पूर्वेकडे पाठवायचा असे. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर या भागांतील वाचकांनी जुन्या मालगुजारीची आठवण करावी. कसणारा एक, सारा गोळा करणारा दुसरा आणि त्यातला ठरलेला वाटा दूरच्या सत्तेकडे जाणारा, ही रचना त्यांच्या घरातल्या वडीलधाऱ्यांनी पाहिलेली आहे. फरक एवढाच की मालगुजार हा पिढीजात मालक होता, तर ठाण्याचा प्रमुख हा स्वतःच्या नावावर काहीही नसलेला व्रतस्थ होता आणि त्याची बदली होत असे.

११८५ मध्ये इंग्लंडमधल्या टेम्प्लरांनी आपल्या सर्व जमिनींची तपासणी करून एक नोंदवही तयार केली. दान कोणी दिले, जमीन कोण कसतो, तो किती पैसे, किती कोंबड्या आणि किती दिवसांची वेठ देतो, हे त्यात गावोगाव लिहिले आहे. सातबारा वाचू शकणाऱ्या माणसाला हे कागद परके वाटणार नाहीत. त्यातले एखादे गाव निवडून त्याचा हिशेब फळ्यावर मांडावा. पवित्र भूमीतल्या युद्धाचा भार कुठल्यातरी इंग्रज शेतकऱ्याच्या कोंबड्यांवर कसा पडत होता, हे त्या हिशेबात दिसते.

याच व्यवस्थेतून संघ पैशांचे विश्वासू राखणदार झाले. पॅरिसच्या टेम्प्लर वाड्यात फ्रान्सच्या राजाचा खजिना दीर्घकाळ होता. इंग्लंडचा राजा दुसरा हेन्री याने जेरूसलेमसाठी बाजूला काढलेला पैसा टेम्प्लर आणि हॉस्पिटॅलर या दोन संघांकडे ठेवला होता आणि ११८७ मध्ये त्यातूनच सैनिक भाड्याने घेतले गेले. ‘जगातली पहिली बँक’ असे जे सांगितले जाते ते मात्र रजिस्टरमध्ये उतरवू नये. ठेवी सांभाळणारे आणि कर्ज देणारे लोक व मठ त्याआधीही होते.

किल्ल्यांचा अभ्यास नकाशावर सुरू करून पायांनी पुरा करावा. अमरावती जिल्ह्यात चिखलदऱ्याजवळचा गाविलगड ज्यांना जवळ आहे त्यांनी एक दिवस तेथे जावे आणि तोफा-बुरुजांकडे न पाहता तलाव, कोठारे आणि दरवाज्यांची वळणे यांची टिपणे घ्यावीत. मग घरी येऊन सीरियातील क्राक द शेव्हालिए या हॉस्पिटॅलर किल्ल्याचा आराखडा उघडावा. ११४० च्या दशकात त्रिपोलीच्या काउंटने तो संघाला दिला आणि १२७१ मध्ये सुलतान बैबर्सने तो घेतला. किल्ला किती दिवस टिकतो हे पाणी, धान्य आणि माणसे यांवर ठरते, ही गोष्ट प्रत्यक्ष तलावाच्या काठावर उभे राहून जेवढी समजते तेवढी पुस्तकातून समजत नाही.

गलिलीतील सफेद या टेम्प्लर किल्ल्याविषयी तेराव्या शतकातला एक मजकूर उपलब्ध आहे. १२४० मध्ये सुरू झालेल्या त्याच्या पुनर्बांधणीचे कौतुक करण्यासाठी तो लिहिलेला असल्याने आकडे सावधपणे घ्यावेत, पण घ्यावेतच. शांततेच्या काळात तेथे रोज सुमारे १७०० माणसे जेवत. त्यांत सरदार ५०, शिपाई-बंधू ३०, स्थानिक पद्धतीने लढणारे घोडेस्वार ५०, धनुर्धर ३००, कामगार ८२० आणि गुलाम ४०० होते. गटातल्या शाळकरी मुलांना यातून टक्केवारी काढायला सांगावी. पांढरा झगा घातलेले सरदार शंभरात तीनच निघतात. बाकीच्यांतले बहुतेक दगड फोडणारे, पाणी आणणारे, वैरण कापणारे आहेत, आणि दारिद्र्याचे व्रत घेतलेल्या संघाच्या छताखाली चारशे माणसे विकत घेतलेली किंवा पकडलेली आहेत. हा आकडा ज्या पुस्तकात नाही त्या पुस्तकातले शौर्याचे वर्णन अपुरे समजावे.

दुसऱ्या बाजूचे लेखन वाचल्याशिवाय या भागातून पुढे जाऊ नये. सीरियातील शैझरचा अरब उमराव उसामा इब्न मुनकिध याने आठवणींत लिहिले आहे की जेरूसलेमला गेल्यावर टेम्प्लर त्याला नमाजासाठी जागा मोकळी करून देत, आणि युरोपातून नव्याने आलेल्या एका फ्रँकने (अरब लोक पश्चिम युरोपीयांना फ्रँक म्हणत) त्याला अडवले तेव्हा त्यांनी त्या माणसाला दूर नेले. याच संघाचे जे सरदार ४ जुलै ११८७ च्या हत्तीनच्या लढाईत पकडले गेले त्यांना आणि पकडलेल्या हॉस्पिटॅलरांना सलाउद्दीनने ठार करवले. इतर अनेक कैद्यांना त्याने जिवंत ठेवले, यांना मात्र नाही. शत्रूच्या लेखी हे संघ किती धोक्याचे होते याचा याहून स्पष्ट पुरावा नाही. दोन्ही नोंदी एकाच पानावर समोरासमोर लिहाव्यात.

स्पेन आणि बाल्टिक किनारा यांसाठी एकेक बैठक पुरते. स्पेनमध्ये टेम्प्लरांनी कालात्राव्हाचा किल्ला सांभाळण्यास असमर्थता दाखवली तेव्हा ११५८ मध्ये फितेरोचा मठाधिपती रेमंड पुढे आला आणि त्यातून नवा संघ जन्मला. सांतियागो संघात तर विवाहित सरदारांनाही प्रवेश होता. ट्यूटॉनिक संघाची सुरुवात अक्काच्या वेढ्यात ११९० मध्ये ल्यूबेक व ब्रेमेन या जर्मन शहरांच्या लोकांनी उभ्या केलेल्या रुग्णालयातून झाली. तेराव्या शतकात तो प्रशियात गेला, तेथल्या बिगर-ख्रिस्ती जमातींचा मुलूख जिंकून त्याने स्वतःचे राज्य उभारले आणि १५ जुलै १४१० रोजी ग्रुनवाल्डच्या लढाईत पोलंड-लिथुआनियाकडून त्याचा मोठा पराभव झाला. त्यानंतर कॉन्स्टन्सच्या धर्मपरिषदेत क्राकूवचा विद्वान पावेल व्लोत्कोविच याने मांडले की ख्रिस्ती नसलेल्या लोकांचाही आपल्या जमिनीवर हक्क असतो आणि धर्माच्या नावाने तो हिरावता येत नाही. जंगल आणि जमीन यांच्या हक्कांचे वाद ज्यांनी जवळून पाहिले आहेत त्यांना हा युक्तिवाद सविस्तर वाचावासा वाटेल, आणि वाचावाच.

शेवटचा मोठा भाग टेम्प्लरांवरील खटल्याचा. १३ ऑक्टोबर १३०७ च्या पहाटे फ्रान्सचा राजा चौथा फिलिप याच्या हुकमाने राज्यातील टेम्प्लर एकाच वेळी पकडले गेले. क्रूसावर थुंकणे, ख्रिस्ताला नाकारणे, मूर्तीची पूजा असे आरोप होते. पॅरिसमध्ये १३८ जणांचे जबाब घेतले गेले आणि त्यांपैकी १३४ जणांनी काही ना काही कबूल केले. येथे गटाला थांबवावे आणि विचारावे, एवढ्या कबुल्या असताना गुन्हा सिद्ध झाला का? उत्तर ऐकून घेतल्यावर तीन रकान्यांचा तक्ता करावा: देश, छळाचा वापर, कबुलीचे प्रमाण. सायप्रसमध्ये ७६ टेम्प्लरांनी जबाब दिले आणि सर्वांनी आरोप नाकारले. इंग्लंडमध्ये छळाला परवानगी मिळेपर्यंत कबुली जवळजवळ मिळाली नाही. स्पेनमधील अरागॉनमध्ये १३१२ च्या धर्मपरिषदेने त्यांना निर्दोष ठरवले. तक्ता पुरा झाला की निष्कर्ष वेगळा सांगावा लागत नाही.

जबाबांतले दोन आवाज मात्र वाचून दाखवावेत. पाँसार द जिझी याने नोव्हेंबर १३०९ मध्ये पोपच्या आयोगापुढे सांगितले की त्याचे हात पाठीमागे इतके घट्ट बांधले गेले की नखांपर्यंत रक्त आले. १२ मे १३१० रोजी पॅरिसजवळ ५४ टेम्प्लरांना जिवंत जाळण्यात आले. दुसऱ्या दिवशी एमरी द व्हिलिए-ल-द्यूक याने आयोगाला सांगितले की त्यांना जाळायला नेणाऱ्या गाड्या जाताना पाहिल्यावर आता कोणी विचारले तर मी देवाला मारले असेही कबूल करीन. संघाच्या बचावासाठी तोवर शेकडो जण उभे राहिले होते. या जळितानंतर तो बचाव कोसळला.

१३१२ मध्ये पोप पाचवा क्लेमेंट याने व्हिएनच्या परिषदेत संघ विसर्जित केला. दोषी ठरवून नव्हे, तर आपल्या अधिकारात. मालमत्ता हॉस्पिटॅलरांना द्यावी असे ठरले. शेवटचा प्रमुख जाक द मोले याने मार्च १३१४ मध्ये आपली कबुली मागे घेतली आणि त्याच दिवशी त्याला जाळण्यात आले. राजाने हे का केले, यावर अभ्यासकांचे एकमत नाही. त्याला पैशांची निकड होती, १३०६ मध्ये त्याने ज्यूंना देशाबाहेर घालवून त्यांची संपत्ती घेतली होती, आणि स्वतःच्या धर्मनिष्ठेविषयी त्याची भावनाही प्रखर होती. गटाने यापैकी एकच कारण निवडण्याचा हट्ट धरू नये.

खजिना, शाप, गुप्तपणे जिवंत राहिलेला संघ अशी एखादी गोष्ट व्हॉट्सअॅपवर आली तर एकच प्रश्न विचारावा: ही गोष्ट प्रथम कोणत्या वर्षीच्या लेखनात दिसते? फ्रीमेसन या बंधुसंघटनेशी जोडलेल्या कथा अठराव्या शतकाच्या मागे जात नाहीत, म्हणजे संघ संपल्यानंतर चारशेहून अधिक वर्षांनी त्या जन्मल्या.

संघांचे खरे उत्तरायुष्य उघड आहे आणि ते आपल्यापर्यंत पोहोचते. हॉस्पिटॅलर आधी ऱ्होड्स, मग १५३० पासून माल्टा आणि १७९८ मध्ये नेपोलियनने ते बेट घेतल्यावर अखेर रोममध्ये स्थिरावले. आज तो संघ रुग्णसेवेचे काम करतो. पोर्तुगालमध्ये टेम्प्लरांच्या मालमत्तेतून १३१९ मध्ये ख्रिस्त संघ स्थापन झाला. राजपुत्र हेन्री १४२० पासून त्याचा कारभारी होता आणि आफ्रिकेच्या किनाऱ्यावरील मोहिमांना संघाच्या उत्पन्नाचा आधार मिळाला. या संघाचा लाल क्रूस शिडांवर घेऊन पोर्तुगीज जहाजे १४९८ मध्ये कालिकतला आली, आणि १५३४ मध्ये वसई पोर्तुगीजांकडे गेली. ती चिमाजी अप्पांनी १७३९ मध्ये जिंकेपर्यंतच्या दोनशे वर्षांच्या नोंदी भिंतीवरच्या पट्टीच्या खालच्या बाजूला लिहाव्यात. रजिस्टरमध्ये प्रत्येक विधानासमोर ते मूळ कागदातून घेतले की नंतरच्या पुस्तकातून, याची खूण केलेली असावी, आणि अभ्यास संपल्यावर ते वाचनालयात रीतसर दाखल करावे, म्हणजे पुढच्या उन्हाळ्यात बसणाऱ्या गटाला पोर्तुगीजांचा अभ्यास तेथून सुरू करता येईल.